आबा मोबाईलवर काय शोधत होते

पक्षाघाताने माझ्या वडिलांची, आबांची वाचा गेली आणि उजवा हातही गेला. राहिला तो डावा अंगठा. त्यांना मोबाईल दिला, तर मेसेज कुठे लिहायचा ते उमगेना. स्क्रीनवर सगळ्यात आधी सर्चची पट्टी दिसते, म्हणून ते तिच्यातच लिहायचे. लिहायचे म्हणजे काय, अक्षरांचा चिवडा. 'वय ८१ तसगव सकळ    वजत यव.' असलं दिवसभर.

मोबाईल बिचारा नेटाने उत्तरं द्यायचा: तिसगावच्या एसटीचं वेळापत्रक, तिथला बाजार, कांद्याचे भाव. ते पाहून आम्हाला धडकी भरायची. कारण तिसगावला त्यांचे थोरले भाऊ, आमचे तात्या, राहायचे आणि आबा दवाखान्यात असतानाच ते वारले होते. आबांना धक्का बसता कामा नये, असं डॉक्टरांनी बजावलेलं. घरात सगळ्यांनी मिठाची गुळणी धरली.

"तात्यांचा मोबाईल बिघडलाय," मी ठोकून द्यायचो. आई म्हणायची, "आवं, बरं वाटलं की आपुन जाऊ की तिसगावला. एसट्या लई हायेत." आबा आमच्याकडे नुसते बघत राहायचे. एकदा त्यांनी मोबाईल भिंतीवर भिरकावला. मी उगाच आईवर खेकसलो. मग दुपारी ते झोपले की जुने सर्च काढून डोकं फोडत बसायचो. खाणं, औषध, पेन्शन, सगळे अर्थ लावून झाले. बापाचं एक वाक्य लागत नव्हतं, आणि या माणसाला आता आपण कायमचे मुकलो, असंच मला वाटू लागलं होतं.

मग एका दुपारी दिसलं. अक्षरं रोज वेगळी मोडत होती, क्रम मात्र हलत नव्हता. आधी वय, मग गाव, मग सकाळ, मग 'वाजता', शेवटी 'यावे'. आणि 'वाजता'च्या आधी दर वेळी मोकळी जागा. हा क्रम मी लहानपणापासून ऐकत आलो होतो. गावात कुणी गेलं की देवळाच्या भोंग्यावरून पुकारा आबाच करायचे. अंत्यविधीची वेळ त्या घरी विचारून पक्की केल्याशिवाय ते माइकला हात लावत नसत.

तात्यांना एक्याऐंशीवं चालू होतं. रोज सकाळी त्यांचा आबांना फोन यायचा. तो येईनासा झाला तेव्हाच आबांना कळून चुकलं असणार. ते काही शोधत नव्हतेच. ते आम्हाला वेळ विचारत होते, आणि आम्ही त्यांना एसट्या सांगत होतो.

ते उठल्यावर मी त्यांच्यापुढे जाऊन बसलो. इतकी लाज मला कधी वाटली नव्हती.

"आबा, तात्यांचं सगळं झालं. तुम्ही दवाखान्यात होता तेव्हाच."

ते रडले नाहीत. त्यांनी मोबाईल माझ्यापुढे धरला आणि अंगठा त्या मोकळ्या जागेवर टेकवला.

"दहा," मी म्हणालो. "सकाळी दहाला."

कितीतरी वेळ लावून त्यांनी तो आकडा जागेवर बसवला, सगळं एकदा नजरेखालून घातलं आणि सर्चचं बटण दाबलं. याच्याशी जुळणारं काहीही सापडलं नाही, असं स्क्रीनवर आलं. भावाचा पुकारा आबांनी केला होता. वेळ केव्हाच टळून गेलेली, आणि ऐकायला मी एकटा.