साखरेचं दुसरं कार्ड

"पुढच्या तारखेला सही करून टाकते," सविता म्हणाली. "मला न्हाई झेपत आता."

आम्ही दौंडच्या कोर्टाबाहेर उभे होतो. नुकतीच तारीख झाली होती. समोरच्या वकिलांनी तिच्या नवऱ्याची पगाराची स्लिप दाखल केली होती: कुरकुंभच्या एका केमिकल कंपनीत हेल्पर, कॉन्ट्रॅक्टवर. पगार इतका कमी की त्यात त्याचंच भागेल की नाही, असं कोणालाही वाटावं. जमिनीचा सातबारा सासऱ्यांच्या नावावर. शेतीचं उत्पन्न या रकान्यात त्याने 'निरंक' लिहिलं होतं.

घटस्फोटाचा दावा नवऱ्याचा. सविता चार वर्षांच्या मुलीला घेऊन माहेरी निमोण्याला राहत होती. प्रत्येक तारखेला दोन बस बदलून यायची. नवऱ्याकडून निरोप होता की आपसात सही कर, काही मागू नकोस, भांडी घेऊन जा. ती थकून हो म्हणायच्या बेतात होती.

मी तिच्यातर्फे हिंदू विवाह कायद्याच्या कलम २४ खाली अर्ज केला होता. याला अंतरिम पोटगी म्हणतात. घटस्फोटाचा दावा चालू असताना नवरा-बायकोपैकी ज्याच्याकडे स्वतःचं पुरेसं उत्पन्न नाही, त्याला दुसऱ्याकडून दरमहा खर्च मागता येतो, आणि दावा लढवण्याचा खर्चही. दावा संपेपर्यंत माणूस टिकावा, एवढाच त्याचा हेतू. दोघांनीही आपापल्या मिळकतीचं शपथपत्र द्यायचं असतं. सविता भावाच्या शेवंतीच्या शेतात तोडणी करायची. ती मजुरी आम्ही आमच्या शपथपत्रात लिहिली होती. नवऱ्याचं शपथपत्र मात्र खोटं आहे हे मला दिसत होतं आणि सिद्ध करता येत नव्हतं.

माझ्या शिरूरच्या ऑफिसात गणपतमामा क्लार्क होते. नक्कल काढणं, स्टॅम्प लावणं, तारखा डायरीत लिहिणं, तारखेला माझ्याबरोबर कोर्टात येणं ही त्यांची कामं. मूळचे पाटसकडचे. मी मितभाषी, पुस्तकातला माणूस. पक्षकाराला मी दहा ठरलेले प्रश्न विचारायचो आणि उत्तरं लिहून घ्यायचो. मामा पक्षकाराला आधी चहा द्यायचे.

त्या दिवशीही त्यांनी कोर्टाबाहेरच्या टपरीवरून तीन चहा आणले. सविताच्या हातात कप देत म्हणाले, "बाई, दिवाळीची साखर आणायला कोण जायचं तुमच्याकडं?"

"मीच की. रांगेत हुभं ऱ्हायला दुसरं कोण हाय?"

"कार्ड सासऱ्याच्या नावाचं?"

"एक त्यांचं, एक ह्यांचं. म्हणून तर दोन चकरा पडायच्या."

मामांनी माझ्याकडे पाहिलं. मला काही कळलं नाही.

"मामा, साखरेचा इथे काय संबंध?"

"साहेब, ऊस घातल्याबिगर कारखाना कुणाला साखर देतो व्हय?"

मग त्यांनी मला समजावलं. दौंड-पाटसकडच्या ऊसपट्ट्यात जमीन बापाच्या नावावर असली, तरी ऊस कारखान्याला घालताना त्याची नोंद पुष्कळदा मुलांच्या नावावर वाटून करतात. ज्याच्या नावावर नोंद, त्याच्या खात्यावर बिल. आणि दिवाळीला सवलतीची साखर मिळते, तिचं कार्डही त्याच्याच नावाचं.

"कार्ड कुठं असंल आता?" मामांनी विचारलं.

"माझ्या पेटीत. निघताना भांडी ठेवून घेतली त्यांनी, पर कार्डाकडं कुणाचं ध्यान न्हाई गेलं."

"म्हंजी औंदा एक चक्कर वाचली म्हणायची त्यांची!"

सविता हसली. मी तिला प्रथमच हसताना पाहिलं. सहीचं काय करायचं, असं मी विचारलं. ती म्हणाली, "थांबते एक तारीख."

पुढच्या तारखेला आम्ही कार्ड हजर केलं आणि कारखान्याकडून रेकॉर्ड मागवावं असा अर्ज दिला. समोरचे वकील म्हणाले, "साहेब, साखरेचं कार्ड हा काही उत्पन्नाचा पुरावा नाही."

"बरोबर आहे," न्यायाधीश म्हणाले. "म्हणून कारखान्यालाच विचारू."

रेकॉर्ड यायला दोन तारखा गेल्या. सविता दोन्ही वेळा आली. चार हंगामांचा ऊस नवऱ्याच्या नावावर होता आणि बिलं त्याच्या बँक खात्यात जमा झाली होती.

न्यायाधीशांनी त्याला पुढे बोलावलं. "हे खातं तुमचंच ना?"

"व्हय साहेब. पर ऊस आबांचा हाय."

"आणि खात्यातून पैसे कोण काढतं?"

त्याने आपल्या वकिलांकडे पाहिलं. वकील फाइल चाळत होते.

ऑर्डर झाली. मागितलं तेवढं मिळालं नाही, पण अर्जाच्या तारखेपासून पोटगी मिळाली, मुलीचा खर्च धरून. दाव्याचा खर्च आणि येण्याजाण्याचं भाडंही मिळालं. पुढे घटस्फोट झालाच. पण त्या वेळी सविताने कायमच्या पोटगीच्या आणि मुलीच्या शिक्षणाच्या अटी आधी वाचल्या, दोन ठिकाणी बदलून घेतल्या, आणि मगच सही केली.

मामांना जाऊन आता पंचवीस दिवस झाले. डायरीत पुढच्या महिन्याच्या तारखा अजून त्यांच्याच अक्षरात आहेत. त्यांच्या दशक्रियेला सविता निमोण्याहून शेवंतीची पाटी घेऊन आली होती. फुलं ठेवून माझ्याजवळ येऊन उभी राहिली.

"वकीलसाहेब, मामांनी इचारलं नसतं तर मी कवाच सांगितलं नसतं. साखरंचं काय सांगायचं वकिलाला?"

मीही विचारलं नसतं. मी तिला तसं सांगितलं.

पक्षकाराला विचारायच्या प्रश्नांचा माझा कागद टेबलाच्या काचेखाली असतो. परवा तो काढून शेवटी अकरावा प्रश्न लिहिला: दिवाळीची साखर कोणाच्या नावावर येते? मग तो खोडून पहिल्या क्रमांकावर लिहिला, आणि त्याच्याही वर: आधी चहा.