धुतलेली अळंबी

जयपूरजवळ उगवलेली एक अळंबी मी समूळ उपटली आणि पाण्याने स्वच्छ धुतली. ती उपटायची नाही, असं मला बजावून पाठवलं होतं.

बजावणारी माझी धाकटी बहीण वसू. मेहुणे फौजेत. त्यांची बदली निघाली होती आणि मी साताऱ्याहून पोहोचलो तेव्हा छावणीतल्या त्यांच्या घरात बसायला फक्त सामानाच्या पेट्या उरल्या होत्या. वसूला प्रत्येक गावी एक वेड लागतं, आणि ते पुरं व्हायच्या आत दारात ट्रक येतो. इथलं वेड बोलीटचं. बोलीट म्हणजे टोपीखाली पापुद्र्यांऐवजी स्पंजासारखी बारीक भोकं असलेली अळंबी. ती ठरावीक झाडांच्या मुळांशी संगत धरून वाढते. कानोत्याच्या धरणामागच्या टेकडीवर वसूला तिची पिल्लं दिसली होती, पण दर पावसाळ्यात ती मोठी व्हायच्या आत शेळ्या तुडवून जात. या कोरड्या मुलखात ती कुठल्या झाडाशी राहते, एवढंच तिला पक्कं करायचं होतं. ट्रक परवा येणार होता.

"दादा, मला आज घर सोडता येत नाही. तू जा. झाडाचा फोटो काढ, पानांचा काढ. कड जराशी कापून निळी पडते का बघ. पण उपटू नकोस, मतलब बुडाला हातच लावू नकोस. मुळांसकट माती मी उद्या पहाटे काढीन."

"मी काय कुक्कुलं बाळ आहे?" मी म्हणालो.

कानोत्याला सहलीची गर्दी होती. टेकडीवर धोंक (आपल्या धावड्याचं भावंड), खेजडी (आपली शमी) आणि विलायती बाभूळ एकमेकांत घुसलेली. त्यांच्याखाली ती दिसली. तपकिरी, पावाएवढी, एकही डाग नसलेली. मी ओणवा झालो तोच मागून एक गृहस्थ आले.

"भाईसाहब, खाओगे?"

"नहीं, पहचानेंगे."

"पहचान के क्या करोगे?"

आता याला उत्तर नको का द्यायला? टोपीखालची भोकं दाखवायला मी ती उपटली. मग त्यांचं अख्खं कुटुंब जमलं. मी चाकूने चीर दिली, कड निळी पडली. "हाय राम, जहर!" त्यांच्या पत्नी मुलांना मागे ओढत म्हणाल्या. इतका श्रोतृवर्ग मला आयुष्यात लाभला नव्हता. गृहस्थांनी माझ्याच मोबाइलवर अळंबीसह माझे फोटो काढले. चिखल फारच होता, म्हणून धरणाच्या पाण्यात ती धुतली; बुडाची माती, मुळांचे धागे, सगळं वाहून गेलं.

परतताना शहरात राजा पार्कच्या बाजारात उतरून गरम प्याज कचोरी घेतली. पिशवी एकच होती. घरी ती उघडली तेव्हा कचोरीच्या वाफेने अळंबी काळी, लिबलिबीत झाली होती आणि तिला कांद्याचा वास येत होता.

वसूने फोटो पाहिले. सगळ्यांत मी.

"झाड कुठलं होतं?"

"चांगलं मोठं होतं."

ती ओरडली असती तर बरं झालं असतं. दुसऱ्या पहाटे आम्ही टेकडीवर गेलो. रात्री पाऊस पडून गेला होता, खड्डा सापडेना. "हे का?" ती धोंकाला हात लावून म्हणाली. मी हो म्हणालो. "की हे?" बाभळीपाशी. मी त्यालाही हो म्हणालो. ती टेकडी उतरायला लागली. "चल, भांडी बांधायचीत," म्हणाली. कचोरी कुणी खाल्ली नाही.

साताऱ्यात लोक विचारतात, जयपूर कसं वाटलं? किल्ला राहिला, हवामहल रिक्षातून पाहिला, असं काहीबाही सांगतो. प्रवासाला गेलेला माणूस पुष्कळ बघतो म्हणे. मला एक झाड बघायला पाठवलं होतं.

परवा वसूचा नव्या गावाहून फोन आला. तिथे जंगल दाट आहे म्हणाली. मी लगेच म्हणालो, "मग पुढच्या वर्षी येतो ना मदतीला!"

"ये ना दादा," ती म्हणाली. "फक्त पावसाळा संपल्यावर ये."