काजळगावचा मिलिंद

मिलिंद गेल्याचा फोन आला तेव्हा मी जवाहरनगरच्या बसथांब्यावर उभा होतो. त्याच्या मायनेच केला होता. ‘मिलिंद गेला, बाबू,’ एवढंच म्हणाली, रोजच्याच आवाजात, आणि मग फोन ठेवायचं विसरली. पलीकडे बायांचं बोलणं ऐकू येत होतं, आणि मीही फोन कानाला लावून तसाच उभा राहिलो. दोन महिने होत आले त्याला. त्याच्यावर काही लिही, असं मित्र म्हणतात. लिहायचं तर काजळगावापासून सुरुवात करावी लागते, आणि तिथेच माझं घोडं अडतं.

काजळगाव हे गाव नाही, ते एक विश्व आहे, मिलिंदनं मनानं रचलेलं. भंडाऱ्यातून गोंदिया वेगळा झाला तेव्हा आम्ही दोघं वरठीला नववीत होतो. भूगोलाच्या सरांनी जिल्ह्याच्या जुन्या नकाशातून गोंदियाचा भाग कापून टाकायला सांगितलं. साऱ्या वर्गानं कापला नि फेकला. मिलिंदनं उरलेला नकाशा कोऱ्या कागदावर डकवला आणि पूर्वेकडे जी जागा रिकामी झाली तिच्यात तीन सूर्य, एक उलटा टांगलेला तलाव आणि कसले कसले प्राणी काढले. सरांनी विचारलं तर म्हणाला, इकडे आता आपलं कोणी नाही ना, म्हणून नवीन वसवलं. छड्या खाल्ल्या, पण विश्व राहिलं. एवढ्या मोठ्या विश्वाला नाव मात्र गावाचं... त्याला मोठं काही बोलताच यायचं नाही.

पुढे तो पोलादाच्या कारखान्यात प्रयोगशाळेत लागला. दिवसभर लोखंडात कार्बन किती ते तपासायचा, त्यामुळे काजळगावातही कार्बन शिरला. तिथले सगळे जीव कार्बनचेच, आपल्यासारखे. पण तिथे कार्बन मोजका, नवा कुठून येत नाही. म्हणून कोणी गेल्याशिवाय कोणी जन्मत नाही, आणि जाणाऱ्यानं जाण्याआधी सांगायचं असतं, मी अमक्यात जाईन म्हणून. कोणी मासोळीत जातं, कोणी मोहाच्या झाडात. एक चिडका म्हातारा तर शेजाऱ्याच्या काटेरी कुंपणात गेला, जन्मभर त्याचं धोतर फाडायला. चाळिशीला आलो तरी आम्ही वरठीच्या फाटकाजवळ मोटरसायकली उभ्या करून कोण कोणात गेलं याच्याच गप्पा मारायचो. मिलिंदनं लग्न केलं नव्हतं. माझी बायको म्हणायची, या दोघांना कामधंदा नाही.

मग त्याच्या पोटात गाठ निघाली. नागपूरच्या डॉक्टरांनी शेवटी घरी न्या म्हणून सांगितलं. मी रोज ड्यूटी सुटल्यावर जायचो आणि नुसता बसायचो. पाय दाबावे तर पाय दुखायचे, बोलावं तर त्याला धाप लागायची. इतका निरुपयोगी मी आयुष्यात कधी झालो नव्हतो. त्याच्या आज्यानं बौद्ध धम्माची दीक्षा घेतली तेव्हापासून त्या घरात आत्मा, पुनर्जन्म, पिंड यातलं काही चालत नाही, आणि माय तर याबाबतीत फारच कडक. पण एका दुपारी त्याला पाणी पाजता पाजता तिनं विचारलं, ‘तुया त्या गावात सांगून जातेत ना रे? मंग तू कोनात जाशीन?’

मिलिंदनं हातानं पेला बाजूला केला. मायला खोटा धीर त्यानं कधी दिला नव्हता.

‘धानात जाईन, माय,’ तो म्हणाला. ‘मले जाळान तं धूर होईन. धुरातला कार्बन धान ओढून घेते. हे त्या गावातलं नाही, खरं हाय... विचार याले.’

मी मान हलवली. खरंच होतं ते. माय हसली. त्या आजारपणात तिला पहिल्यांदाच हसताना पाहिलं, आणि मला वाटलं, चला, एक तरी गोष्ट नीट झाली.

स्मशानघाटाच्या पलीकडे सगळ्या धानाच्या बांध्या आहेत, बांध घातलेली खाचरं. धान तेव्हा पोटरीत होता, लोंबी अजून बाहेर पडायची होती. धूर त्याच्यावरून आडवा पसरत गेला. माय घाटावर आली होती, पण ती चितेकडे पाहत नव्हती, धुराकडे पाहत होती. पुढे हलका, लवकर पिकणारा धान निघाला, घरात नवे तांदूळ आले, आणि मायनं भात खाणं सोडलं. ‘त्यात तो असला तं?’ एवढंच म्हणाली. आमच्याकडे दोन्ही वेळा भात. भात नाही खाल्ला तर माणूस जेवलं असं कोणी म्हणत नाही. मी तिला समजावायला गेलो. म्हटलं, हवा काही एका बांधीत थांबत नाही, आणि हे काही आजचं नाही. आजवर जेवढे जळाले तेवढे सगळे धानात आहेत, वांग्यात आहेत, डाळीत आहेत. करायला गेलो गणपती आणि झाला मारुती. दुसऱ्या दिवसापासून तिनं डाळ-भाजीही सोडली. आता मिठासोबत गव्हाची पोळी तेवढी उरली आहे. गहू दूरच्या मुलखातून येतो, तिथवर तो पोचला नसेल, असं तिचं म्हणणं. हात वाळत चालले आहेत तिचे. डॉक्टरला दाखवलं, त्यानं चारीठाव जेवायला सांगितलं. मिलिंद तुला खोटं सांगून गेला असं म्हणावं, तर तो खोटं बोललाच नव्हता.

दर रविवारी मी जातो. स्वयंपाकघरात मिलिंद जेवायला बसायचा त्या जागी ती मला बसवते. तिथे भिंतीवर त्याच्या डोक्याच्या तेलाचा काळपट डाग पडला आहे, माझं डोकं बरोबर त्याच्यावर टेकतं. माझ्यासाठी ती नव्या तांदळाचा भात रांधते. तो घरच्याच माणसाच्या पोटात जावा, परक्याच्या नको, असं तिला वाटतं. गरम भात वाढून ती समोर बसते आणि माझ्या तोंडाकडे पाहत राहते.

‘गोड लागते का रे?’ ती विचारते.

मी लागते म्हणतो, आणि ती आणखी वाढते.