शेवटचं कडवं

दादांची, म्हणजे माझ्या वडिलांची, सगळी गाणी त्यांच्या नावावर येऊन संपत. कारखान्यातली पाळी संपवून येरवड्याच्या घरी आले की ते लिहायला बसत आणि जयंतीला विहारासमोर गात. शेवटच्या कडव्यात कवीनं आपलं नाव गुंफायचं, ही आमच्याकडची रीत. "कागद हरवतो. नाव गाण्यात ओवलं की गाण्याबरोबर फिरतं," असं ते म्हणत. मला मात्र लाज वाटे. बारा गाणी आणि बारा वेळा स्वतःचाच उदो उदो!

मी तेव्हा हडपसरच्या एका आयटी कंपनीत नवा लागलो होतो. आमच्या सॉफ्टवेअरची कोणी चोरून कॉपी करू नये म्हणून त्याला कुलूप घालणारा कोड लिहायचा, हे माझं काम. पहिल्या पगारांतून घरी कॉम्प्युटर आणला आणि दादांच्या तरुणपणीच्या कॅसेटींची सीडी करायला घेतली. बारा गाणी एका सीडीत बसेनात. आणखी एक कोरी सीडी घेतली असती तर काय बिघडलं असतं? पण मी पडलो दीडशहाणा. प्रत्येक गाण्याचं शेवटचं कडवं कापलं, आवाज हळूहळू विरत जाईल अशी सफाई केली आणि कॅसेटी भंगारात दिल्या.

नातेवाइकांना दहा सीड्या वाटल्या. दादांनी आपली प्रत कपाळाला लावून कपाटात ठेवली. "स्वतःचं गाणं स्वतः काय ऐकायचं?" म्हणाले.

दोनेक वर्षांत ती गाणी हातगाडीवर आली. 'जयंती स्पेशल' सीडी, वर भलत्याच गायकाचा गॉगल घातलेला फोटो आणि आत दादांचा आवाज. मी विक्रेत्याला म्हणालो, "अहो, ही माझ्या वडिलांची गाणी आहेत."

"असतील. त्यांचं नाव कुठाय यात?" एवढं बोलून तो दुसऱ्या गिऱ्हाइकाकडे वळला.

घरी आलो, पण दादांना काही सांगितलं नाही.

त्याच वर्षी लोणी काळभोरच्या जयंतीला त्यांना बोलावणं आलं. दादा उभे राहिले. वयानं आवाज जाडसर झाला होता. पहिलं कडवं होतंय तोच मंडळाचा एक कार्यकर्ता पुढं आला. "काका, ह्ये सीडीवालं गानं समद्यांना पाठ हाय. तुमचं सोताचं म्हना की एखादं."

दादा हसले. "शेवटपर्यंत ऐक. कुणाचं आहे ते कळेल." आणि नाव आलं तिथं त्यांनी आवाज चढवला.

मागून कोणीतरी ओरडलं, "सीडीत ह्ये कडवंच न्हाय! काकांनी आपलं नाव घुसडलं!"

हशा पिकला. मी दुसऱ्या रांगेत बसलो होतो. उठून सांगायला हवं होतं. उठलो नाही. त्या माणसाचा राग केव्हाच गेला, माझा मला अजून येतो.

परतताना दादा स्कूटरवर माझ्या मागं बसले होते. हडपसर आलं. मग त्यांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला.

"नवी पोरं आहेत, त्यांना काय माहीत? तुझी सीडी आहे ना कपाटात, तीच उद्या त्यांच्यासमोर नेऊन लावू. शेवटपर्यंत वाजवू."