खोतांचा कागद

काल दादरच्या बाजारात पिकल्या फणसाचा वास आला आणि मला आमची परळची खोली आठवली. संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीचे दिवस होते. खाली मोर्चाच्या घोषणा चालल्या होत्या. ज्यांची जमीन आम्ही पिढ्यानपिढ्या कसायचो, ते गावचे खोत फणस घेऊन आले होते. कायद्यानं ती जमीन आता आम्हाला मिळणार होती. गावी त्यांच्या अंगणात उभे राहणारे माझे गिरणीकामगार बाबा त्या दिवशी त्यांच्यासमोर खुर्चीवर बसले.

खोतांनी कागद पुढे केला. "सही कर रे गणू. नुसता रिवाज आहे."

"शालू, मोठ्यानं वाच," बाबा मला म्हणाले.

मी चौथीत होते. "आम्ही जमिनीवरचा हक्क राजीखुशीनं सोडत आहोत," एवढं वाचलं आणि बाबांकडे पाहिलं.

"राजीखुशीनं नाय सोडत, भाऊसाहेब," बाबा शांतपणे म्हणाले. "चहा घ्या. सही व्हायची नाय."

खोत चहा न घेताच गेले. जमीन आमची झाली. आज तिथं माझ्या भावाची आंब्याची कलमं आहेत.

बाबांना वाचता येत नव्हतं म्हणून मला वाचायला लावलं, असं मी कितीतरी वर्षं समजत होते. खरं तर ते त्या दिवसाच्या आधीच वाचायला शिकले होते. खोतांनी आपलाच कागद आपल्या कानांनी ऐकावा, एवढंच त्यांना हवं होतं.