सत्यभामाबाईंची उडी

ढाणकीजवळच्या तांड्यात सत्यभामाबाई प्रसिद्ध होत्या त्या एका उडीसाठी. पंचेचाळीस वर्षांपूर्वी म्हणे पोटचं पोर विहिरीत पडलं आणि बाईंनी घागऱ्यासकट उडी घेतली. पोर कोणतं, यावरून मात्र त्यांचे दोन लेक गेली दोन वर्षं एकमेकांशी बोलत नव्हते.

एका लग्नाच्या पंगतीत थोरला धनसिंग रंगात आला होता. "मी पडलतो. डोक्यावर बेडूक बसलता."

"कायले खोटं बोलतं भाऊ?" धाकटा धरमसिंग ताटावरून उठला. "तो बेडूक माह्या डोक्यावर होता!"

तेव्हापासून बोलणं बंद. सुना सणाचा डबा भिंतीवरून द्यायच्या.

खरं काय ते फक्त बाईंना ठाऊक होतं. पण अलीकडे त्या चहात मीठ टाकायच्या, वारलेल्या नवऱ्याला जेवायला हाक मारायच्या. उद्या हेही डोक्यातून गेलं तर पोरं जन्मभर अशीच राहतील, या धास्तीनं एका दुपारी त्यांनी दोघांना ओट्यावर बसवलं.

"कोणीच नाई पडलं. बकरी पडलती."

धनसिंग उठायला लागला, तशी बाईंनी त्याला ओढून खाली बसवलं.

"गाभण होती. मी उडी घेतली, तुमी काठावर भोकाड पसरलं. महिनाभर झोपाचे नाई. 'मी पडलो असतो तं काढलं असतं का?' एकच धोशा. मंग रोज निजवताना सांगो, तू पडला, म्या काढलं. त्याले त्याच्या नावानं, तुले तुह्या."

"आन् बेडूक?"

"बकरीच्या डोक्यावर."

धनसिंगनं हनुवटीवरचा व्रण चाचपला. "मंग हे कायचं?"

"बापाच्या सायकलवरून पडलता."

त्या संध्याकाळी दोघं भाऊ पारावर शेजारी बसले. काय हरवलं ते दुसऱ्या कोणाला सांगून समजलं नसतं.

दिवाळीपर्यंत बाईंच्या डोक्यातून बकरीही गेली. उडी तेवढी राहिली. एका सकाळी त्या अंगणात आल्या. "पोरगं इहिरीत पडलं! निंगालं का?"

दोघं "याडी, याडी" करत आईकडे धावले. "निंगालं, याडी. हा धरमसिंग पडलता, तूच काढलं," धनसिंग म्हणाला.

"नाई याडी, भाऊ पडलता."

बाईंनी दोघांची डोकी चाचपली. कोरडी होती. जीव भांड्यात पडला. मग एकदम कपाळाला आठी पडली.

"मंग बकरी तशीच राह्यली का?"

भावांनी एकमेकांकडे पाहिलं, खुंटीवरचा दोर काढला आणि विहिरीची वाट धरली.

"गाभण हाये," मागून बाई ओरडल्या, "जपून काढजा!"