बाबांचा निवखडा

डायलिसिस सुरू झालं आणि बाबांचं पाणी तुटलं. दिवसाला दोन लहान पेले, त्यातच चहा, वरण, औषधाचा घोट, सगळं आलं. मीठ तर घरातूनच हद्दपार झालं. रत्नागिरीकडचा माणूस, सुक्या मासळीशिवाय ज्याच्या घशाखाली घास उतरायचा नाही, तो आळणी दुधी पुढ्यात घेऊन बसायचा आणि आई आणि मी त्याच्याकडे न बघता जेवायचो. बाथरूममध्ये त्यांना जरा वेळ लागला की आई दार वाजवायची, कारण एकदा ते बादलीतलं पाणी ओंजळीने पिताना सापडले होते. नवऱ्यावर चोरासारखा पहारा ठेवायची पाळी तिच्यावर आली. मला भयंकर राग यायचा, आणि तो काढायला कोणी सापडायचं नाही.

बाबांचा जन्म भाईंदर पूर्वेच्या एका गाळ्यात स्टीलच्या भांड्यांना पॉलिश मारण्यात गेला. गोष्टीवेल्हाळ वगैरे ते कधीच नव्हते. पण डायलिसिसच्या सेंटरमध्ये हातात सुया टोचून घेऊन तासन्‌तास पडून राहायचं, तेव्हा त्यांना एक देशच सुचला. शेजारच्या खाटेवर एक गुजराती काका असायचे. त्यांना बाबा तो देश हिंदीतून सांगायचे आणि संध्याकाळी ऑफिसहून येऊन मी स्टुलावर बसून ऐकायचे.

त्या देशात नदी नाही, विहीर नाही, पाऊस नाही. जमिनीच्या पोटात एक खनिज मिळतं, त्याचं नाव निवखडा. तुरीच्या दाण्याएवढा खडा जिभेखाली धरला की माणूस वर्षभर निवतो, तहान म्हणून लागत नाही. पण एका पिढीत एखादाच सापडतो. खाणीतली माणसं तोंडाला फडकी बांधतात, तरी त्यांच्या थुंकीतून काळं पडतं. हे सरळ गाळ्यातून उचललेलं होतं. खडा विकला तर त्याचा कोळसा होतो. आणि ज्याला सापडेल त्याने तो स्वतःच्या तोंडात टाकायचा नाही, दुसऱ्याला द्यायचा.

"फिर राजा को मिला क्या, दादा?" काका विचारायचे.

"राजा को कायको मिलेगा? राजा कभी खान में उतरा है क्या?"

काका इतके हसायचे की सिस्टर येऊन दटावायच्या. घरी जाऊन ते बायकोलाही सगळं सांगत असत.

आईच्या कानावर हा निवखडा गेला तो माझ्याकडूनच. तिने तेव्हा नुसतं "रिकामपण दुसरं काय!" म्हटलं. पण त्या संकष्टीला वऱ्याच्या तांदळात घालायला तिने शेंदेलोण काढलं आणि त्यातला एक गुलाबी खडा धुऊन बाबांच्या हातावर ठेवला. "हा घ्या तुमचा निवखडा." तिचा हिशेब सरळ होता. समुद्राचं ते मीठ. शेंदेलोण डोंगरातून येतं, ते उपवासाला चालतं, म्हणजे ते मीठ नव्हे. मग पथ्याला न चालायला काय झालं? इतक्या उघड गोष्टीबद्दल डॉक्टरांना काय विचारायचं! मी सकाळी लवकर ऑफिसला निघायचे. माझ्या मागे रोज एक खडा दिला जाऊ लागला.

बाबांची तहान दुपटीने वाढली. पाय सुजले, दोन पावलांत धाप लागायला लागली. सेंटरमध्ये वजन करताना ओरडा बसायचा, "पानी कितना पी रहे हो?" मग आई घरातल्या बादल्या रिकाम्या करून ठेवायची.

एका रविवारी धुवायला टाकलेल्या त्यांच्या सदऱ्यात रुमाल सापडला आणि रुमालात अर्धा विरघळलेला खडा. मी जिभेला लावून पाहिला आणि तसाच बाबांपुढे धरला. आई भाजीला गेली होती.

"बाबा, हे मीठ आहे!"

"मग? कोकणातला माणूस मीठ ओळखणार नाय होय? पहिल्याच दिवशी कळला मला."

"आणि तरी खाताय?"

"तुझी आई किती महिने मला नुसती नाय नाय म्हणतेय गो. पाणी नाय, लोणचा नाय, भात नाय. ह्या एकच ती हातावर ठेवते. तेव्हा तिचा तोंड बघ एकदा." मग जरा थांबून ते खाली बघत म्हणाले, "आणि चव गो बाय... चव!"

यापुढे खडा तिच्यासमोर तोंडात धरायचा आणि ती वळली की रुमालात टाकायचा, असं त्यांनी मला वचन दिलं. तिला यातलं काही कळू द्यायचं नाही, असं माझ्याकडून घेतलं. त्यांनी वचन पाळलं की नाही, मला माहीत नाही. गणपतीच्या आधी छातीत पाणी भरून ते गेले. "घरी मीठ देत होता का?" डॉक्टरांनी विचारलं. आई म्हणाली, "देवाशपथ सांगते, एक कण नाही." मी माझं वचन पाळलं.

तेराव्यानंतर गुजराती काकांची बायको भेटायला आली. आईशी थोडी मराठी, थोडी हिंदी करत रडली. निघताना संकोचून म्हणाली, "हे रोज विचारते, वो निवखडा खरंच असतो काय? तहानने बहुत त्रास होते त्यांना."

आई लगबगीने उठली. आत जाऊन उरलेलं सगळं शेंदेलोण पुडीत बांधून घेऊन आली. "हे द्या त्यांना. रोज एक. आमच्या ह्यांना फार समाधान वाटायचं."

काकींनी पुडी पर्समध्ये टाकली. बाबांना दिलेलं वचन मला आठवत होतं, आणि खाटेवर हसणारे काकाही दिसत होते. मी पुढे होऊन पर्समधून पुडी काढून घेतली.

"काकी, हे मीठच आहे. काकांना अजिबात देऊ नका."

आई माझ्याकडे वळली. मग तिने विचारलं, "तुझ्या बाबांना माहीत होतं?"

"हो."

"मग खाल्लं कशाला त्यांनी?"

आता खोटं बोलण्यात अर्थ नव्हता.

"तू देत होतीस म्हणून," मी म्हणाले.